भावाची हाक

“बाई, त्या जमावातल्या हणमंतच्या हातात काठी होती?” बचावाच्या वकिलांनी विचारलं.

“नव्हती,” पिंजऱ्यातून मंदा म्हणाली. “माझ्या नवऱ्याला बाकीच्यांनी मारलं. भावजी लांब उभे होते.”

आरोपींच्या बाकावर हणमंतनं सुटकेचा निःश्वास सोडला. तो मंदाचा सख्खा दीर. ‘एक लेक गेला, दुसरा तरी राहू दे,’ म्हणत सासूनं सकाळीच तिचे पाय धरले होते.

“म्हणजे त्यानं काहीच केलं नाही!”

“केलं. आम्ही आतून कडी लावून बसलो होतो. ह्यांनी कुणाच्याच हाकेला दार उघडलं नाही. मग भावजींनी हाक मारली, ‘दादा, मी एकटाच आहे.’ भावाचा आवाज म्हणून ह्यांनी कडी काढली.”

हणमंतची मान खाली गेली.

साक्ष संपवून मंदा बाहेर आली, तेव्हा जिन्यात सासू उभी होती. आता ही शिव्याशाप देणार, म्हणून ती थबकली. म्हातारीनं तिचा दंड घट्ट धरला.

“मागनं जा. फाटकापाशी त्या बाकीच्यांचे भाऊबंद जीप घेऊन थांबलेत.”

“आणि तुम्ही?”

“मी पुढनं जाते. मला बघून, तूही माझ्यामागं येतेयस असं वाटून ते थांबून राहतील, तोवर तू एसटी गाठ.”