घोट्यापाशी स्ट्राइक

साकोलीच्या मैदानावर बेसबॉलची निवड चाचणी संपली अन् लक्ष्मण सरांनी गुड्डीच्या नावापुढे लिहिलं: तीनदा बॅटिंग, हिट शून्य. विभागाची टीम हातची गेली. ती तडक सरांपुढे जाऊन उभी राहिली.

"सर, पयला बॉल वाऱ्यानं मागं आणला, म्हणून कॅच झाला. दुसऱ्या खेपेले ऊन डोळ्यात. अन् शेवटचा तर माह्या घोट्यापाशी होता, गुडघ्याच्याबी खाली; तुमी स्ट्राइक देऊन मले आऊट काहून केलं?"

बॉल टाकणारी रिताही म्हणाली, "खरंच सर, लय खाली होता."

दिवसभर अंपायर म्हणून उन्हात उभ्या सरांनी टोपी काढून घाम पुसला.

"मले दिसलं ना, पोरी. पण मॅच अजून लांबली असती, तर सानगडीची शेवटची बस गेली असती. अन् सानगडीची तू एकटीच होती. पळ आता."