खालची अक्षरं

दुकानात पाच टेबलं होती, अठरा खुर्च्या, पावांची तीन कपाटं आणि फरशीवर एक चिमटा. कॉफीच्या यंत्रासमोर रक्ताचे डाग होते, एक मोठा आणि सात लहान. भिंतीत भोक नव्हतं. गोळी भिंतीपर्यंत गेलीच नव्हती. ती यादिराच्या गुडघ्यात राहिली होती, आणि यादिरा जिल्ह्याच्या इस्पितळात होती.

तिची आई ओफेलिया दाराशी उभी होती. काल सकाळी बांधलेला ॲप्रन तिने अजून सोडला नव्हता.

"हे बघा बाई," शेरिफचा डेप्युटी टॉलिव्हर म्हणाला. "रॉइसच्या हातून चिमटा पडला. तो उचलायला वाकला, तर शर्टाखालचं पिस्तूल निसटलं आणि खाली आपटून उडालं. जुनंपानं, त्याच्या बापाच्या वेळचं. अपघात तो. गोळीबद्दल मी त्याला कुठलं कलम लावू शकत नाही. उरतं एकच. दारावर मनाई लिहिलेली असताना तो हत्यार लपवून आत आला."

"मग तेच लावा. पोरीचा गुडघा आता वाकायचा नाही म्हणतात. एकोणीस वर्षांची आहे ती. काहीतरी लावा त्याला."

"पाटी नियमात बसत असली तर आत्ता लावतो."

पाटी दाराच्या काचेवरच रंगवलेली होती, पांढऱ्या रंगात. वर इंग्रजी, खाली स्पॅनिश. टेक्सासात अशी पाटी दोन्ही भाषांत लागते, आणि अक्षर निदान इंचभर उंच लागतं. त्याहून लहान असलं तर तिला कोणी पाटी म्हणत नाही.

रॉइस बाहेर आपल्या गाडीला टेकून उभा होता. त्याला कोणी बोलावलं नव्हतं. गेली अकरा वर्षं तो रोज सकाळी यायचा आणि चिमट्याने दोन गुलाबी शंखपाव उचलून न्यायचा. आजही त्याच वेळेला आला होता.

टॉलिव्हरने खिशातून मापाची फीत काढली आणि डोळ्यांसमोरच्या ओळीला लावली. इंचाचे आठ सूत, आठही भरले. त्याने आणखी दोन अक्षरं मोजली. तीही भरली.

"चोख आहे," तो म्हणाला.

ओफेलियाने काचेवर हात टेकला आणि कालपासून पहिल्यांदा पुरता श्वास घेतला.

"वरचं झालं," रॉइस जवळ येत म्हणाला. "आता खालचं मोज की."

"तू गप्प बस, रॉइस."

"बसतो. पण मोज. दोन्ही भाषांना इंच लागतो, तुला माहीत नसलं तर घरी जाऊन वाच." मग तो ओफेलियाकडे वळला. त्याचा आवाज मऊ होता. "हे बघ, पोरीचं मला वाईट वाटतंय. देवाशपथ. बायको केक करतेय तिच्यासाठी. पण मी कायद्याने चालणारा माणूस आहे. तू पाटी लावलीस त्याच दिवशी मी मोजली होती. पुरी असती तर पिस्तूल गाडीत ठेवून आलो असतो. रोज."

"तुम्हाला स्पॅनिश येतं, मिस्टर रॉइस?"

"मला? एक अक्षर नाही." तो हसला. "वाचता यायला हवं असं कुठे लिहिलंय? उंचीचं लिहिलंय."

पाटी रंगवणारा म्हणाला होता, स्पॅनिशला जागा जास्त लागते. पाटी वाढवा, नाहीतर अक्षर आवळा. वाढवली असती तर रस्त्यावरून केक दिसले नसते. "आई, आपलंच बारीक का?" असं यादिराने तेव्हा विचारलं होतं. "आपल्या माणसांना कळतं गं," ओफेलिया म्हणाली होती.

टॉलिव्हर खाली वाकायला गेला. पोट, पट्टा, पिस्तूल, हातकड्या, सगळंच एकात एक रुतलं. स्पॅनिश मजकूर काचेच्या पार तळापर्यंत गेला होता. तो अर्ध्यावरून पुन्हा सरळ झाला, धापा टाकत, आणि रस्त्याकडे बघत त्याने फीत ओफेलियापुढे धरली.

"तुम्हीच लावा, बाई. काय भरेल ते मला सांगा. तुम्ही सांगाल ते मी धरीन."

ओफेलियाने फीत घेतली. टॉलिव्हर अजून रस्त्याकडेच बघत होता. रस्त्यावर कोणी नव्हतं.

ती गुडघे टेकून खाली बसली. रॉइसही तिच्या शेजारी उकिडवा बसला, या वयातही अगदी सहज, आणि त्याने चष्मा नाकावर चढवला.

"अंगठा काढ," तो म्हणाला. "अंगठ्याखाली दिसत नाही."

तिने अंगठा काढला.

"आता मोठ्यांदा वाच. त्याला ऐकू जाऊ दे."

तिने पहिलं अक्षर मोजलं. दुसरं मोजलं. मग फीत रंगाच्या बाहेरच्या कडेला लावली, जिथे ब्रश जरासा घसरला होता, आणि तिथेही मोजलं.

"बाई?" टॉलिव्हरने विचारलं.

"सात सूत," ओफेलिया म्हणाली.

रॉइस उठला, त्याने पँट झटकली आणि तिला उठवायला हात पुढे केला. ती त्याच्याकडे न बघता पुढच्या अक्षराकडे सरकली. शेवटच्या ओळीपर्यंत तिने एकेक अक्षर मोजलं.

सगळी सात सूत भरली.