सिद्धाप्पाचा ऊस

मल्लेशला सिनेमातून काढलं. छे, अजून तसं काही झालेलं नाही. गडमुडशिंगीत आत्ता कुठं शूटिंगवाल्यांची जेवणं चालली आहेत आणि कॅमेरामन मल्लेश दुसऱ्या भाकरीवर आहे.

लग्नं, कुस्त्या, दुधाच्या जाहिराती आणि एक मालिका, जिच्यातल्या सासूचा चेहरा त्याला बायकोच्या चेहऱ्यापेक्षा जास्त पाठ होता. इतकं सगळं त्यानं केलं होतं. पण एकट्याचं नाव लागणार असलेला सिनेमा हा पहिलाच. सकाळी शेतकरी सिद्धाप्पाच्या बारा गुंठे रानाच्या कडेला नायिकेचा रडतानाचा जवळचा शॉट झाला. मागं तुरे आलेला, डोक्यावर गेलेला ऊस. दिग्दर्शक इरावती म्हणाली, लांबचा शॉटही आत्ताच उरकू. मल्लेशनंच अडवलं.

"चारला तुऱ्यांवर ऊन उतरतंय मॅडम. थांबूया की."

इतक्यात सिद्धाप्पा पंगतीत घाईनं आला. "पावणं, तोड आली. कारखान्यानं मशीनच धाडलंय."

तोड, म्हणजे ऊस कापायची पाळी, यावी म्हणून माणसं कारखान्याच्या दारात चपला झिजवतात. मल्लेश इथलाच. "नशीब काढलंसा मालक," तो सवयीनं म्हणाला आणि तिसरी भाकरी घेतली. मग पान खाल्लं. मग अंगणात जरा आडवा झाला. डोळे मिटल्यावर सकाळचा शॉट दिसला, तसा ताडकन उठून रानाकडं पळत सुटला.

सकाळी नायिका रडली त्या जागेमागं आता पाण्याची टाकी होती. टाकीला कुणा साहेबांच्या वाढदिवसाचा फलक होता. फलकात साहेब फोनवर बोलत होते. मशीन शेवटच्या सरीत शिरत होतं.

"थांबवा की मालक. चारपतूर."

"तुमास्नी सांगूनच गेलतो की. तुमीच म्हणलासा, नशीब काढलंसा."

"ते सवयीनं म्हटलं."

"मशीन परत गेलं तर पुढची पाळी फेब्रुवारीत हाय बगा," सिद्धाप्पा म्हणाला. "ऊन काय, उद्याबी येतंय."

इरावती आली. तिनं फलकावरच्या साहेबांकडं बघितलं.

"नायिका रडते तेव्हा मागं ऊस. डोळे पुसले की वाढदिवस?"

शेजारच्या रानातला खोडवा, म्हणजे तोडीनंतर पुन्हा फुटलेला ऊस, अजून गुडघ्याएवढाच. मल्लेशनं मशीनपुढनं पाच ऊस उपटून आणले, पाच कामगारांच्या हातात दिले आणि त्यांना नायिकेच्या मागं लपवून बसवलं. कॅमेरा सुरू झाला. ऊस शिंकला.

"चारला मागं ऊस नसला," इरावती शांतपणे म्हणाली, "तर उद्या कॅमेऱ्यामागं तू नाहीस."

साडेतीन वाजले होते. मल्लेश बांधावर बसला. त्यानं कारखान्याच्या शेती अधिकाऱ्यांना मेसेज लिहायला घेतला.

"विषय: तोडलेला ऊस परत उभा करून मिळणेबाबत.

महोदय, सदर ऊस वीतभर तुकड्यांच्या स्वरूपात ट्रॉलीत असून अद्याप गाळप झालेले नाही. तरी तो तुऱ्यांसह, मूळ जागी, चार वाजण्यापूर्वी उभा करून मिळावा, ही नम्र विनंती. शॉट झाल्यावर पुन्हा तोडून नेण्यास आमची हरकत राहणार नाही."