आळशी मशीन

लेकाला झोपेतून उठवण्यातच तिची सकाळ जायची. "अजून पाच मिनिटं," म्हणत तो पुन्हा कूस बदलायचा. तो शिकायला दूर गेला आणि नेमकं त्याच सुमारास वॉशिंग मशीन हट्टाला पेटलं. बटण दाबलं तरी ढिम्म हलायचं नाही. मग ती झाकणावर थोपटायची. "ऊठ रे राजा, उशीर होतोय. रोजचंच झालंय तुझं." थोडं रागावून, थोडं गोंजारून झालं की मशीन खडखडत सुरू व्हायचं.

नवऱ्याला तिची दया आली. त्याने मेकॅनिकला बोलावून मशीन दुरुस्त करून घेतलं. आता ते एका बोटावर चालू लागलं.

"बरं झालं, कटकट गेली," ती म्हणाली. पण दुसऱ्या दिवशी मशीन निमूट फिरत होतं, तरी ती झाकणावर हात ठेवून तिथेच उभी राहिली. घरात चिडीचूप. नवऱ्याने पेपराआडून ते पाहिलं आणि आपण काय करून बसलो, ते त्याच्या ध्यानात आलं.

नवरा तसा जन्माचा लवकर उठणारा. रोज तिच्याआधी उठून चहा टाकायचा. त्यानंतरच्या सकाळी मात्र उन्हं खिडकीत आली तरी तो अंथरुणातच. तिने कपाळाला हात लावून पाहिला. ताप नव्हता.

"अहो, उठा बघू. उशीर होतोय," तिने खांद्यावर थोपटलं.

केव्हाचा जागा असलेल्या नवऱ्याने पांघरूण डोक्यावरून ओढून घेतलं.

"अजून पाच मिनिटं."