पाहुण्यांसाठी पांढरा पाव

चादरी सकाळी लष्करी गाडीतून आल्या, घडीही न मोडलेल्या. मागून दुसरी गाडी आली. तिच्यातून मुलं उतरली.

"ही कुणाची गं?" ग्लाफिराने विचारलं.

"ज्यांच्या घरी चूल पेटते त्यांची," स्वयंपाकीण उस्तिन्या म्हणाली. "गाल बघ एकेकाचे! पेत्रोग्रादमध्ये असे गाल अजून शिल्लक आहेत हे मला ठाऊकच नव्हतं."

बालगृहाची स्वतःची मुलं सव्वीस होती. प्रमुख तरासेविच त्यांना माळ्यावरच्या कपडे वाळवायच्या खोलीत बसवून आला होता. जुलैचा उकाडा, वर पत्रा, खिडकी खिळे ठोकून बंद आणि दाराला बाहेरून कडी. खोकला आला तर तोंडावर उशी धरायची, हे त्याने त्यांना मांडी घालून, अगदी मायेने समजावलं होतं.

"दुपारपर्यंतच, ग्लाफिरा येगोरोव्हना," तो म्हणाला. "फ्रान्सचे पाहुणे आहेत. त्यांनी चार शब्द बरे लिहिले तर दूध येईल, औषधं येतील. नकोत का औषधं?"

"आणि मुलांचं खाणं?"

"पाहुणे गेल्यावर."

ग्लाफिराने धुण्याची बादली उचलली. इथे ती धोबीण होती. त्याआधी पंधरा वर्षं तिने मुलींच्या शाळेत फ्रेंच शिकवलं होतं. पण नवरा झारच्या फौजेत कॅप्टन होता, म्हणून क्रांतीनंतर कागदावर तिने 'धोबीण' एवढंच लिहिलं, आणि कुणी जास्त विचारलं नाही.

वसंतात नदीपलीकडच्या बालगृहात असेच परदेशी पाहुणे येऊन गेले होते. त्यांनी काय छापलं ते तरासेविचने जेवणाच्या वेळी सगळ्यांना मोठ्याने वाचून दाखवलं होतं. 'नव्या रशियातल्या मुलांचे चेहरे टवटवीत आहेत.' त्याच सकाळी इथल्या चार वर्षांच्या न्यूशाला पुरलं होतं. उस्तिन्याने पळी भांड्यावर आपटली होती. "डोळे घरी ठेवून आले होते का मेले?"

ते वाक्य ग्लाफिराच्या मनातून गेलंच नव्हतं.

बाराच्या सुमारास पाहुणे आले. करड्या हॅटमधल्या एक बाई, पाइप ओढणारा एक गृहस्थ आणि एक दाढीवाले म्हातारे. सोबत सरकारी दुभाषा. त्यांनी उसन्या मुलांच्या डोक्यांवरून हात फिरवले, गाणं ऐकलं, चादरी चाचपून पाहिल्या. बाई फ्रेंच फार सावकाश बोलत होत्या, एकेक शब्द सुटा करून. ग्लाफिराला सगळं कळत होतं, जणू आपल्याच वर्गात बसली होती. किती समजून बोलते बिचारी, असं तिला वाटलं.

टेबलावर पांढरा पाव होता. पाहुण्यांनी तो सगळा संपवला. बाईंनी टेबलावर सांडलेला चुरासुद्धा बोटाने टिपून खाल्ला.

"म्हाताऱ्याने एक तुकडा खिशात घातला," उस्तिन्या दाराआडून कुजबुजली. "फ्रान्समध्येही काही दिवाळं निघालंय वाटतं."

जेवण झाल्यावर बाईंना हात धुवायचे होते. पाणी आणि टॉवेल घेऊन ग्लाफिरा गेली. दुभाषा बाहेरच थांबला.

"बाई, हे सगळं खोटं आहे," ग्लाफिरा हलक्या आवाजात फ्रेंचमध्ये म्हणाली.

बाईंच्या हातून साबण निसटला.

"ही मुलं इथली नाहीत. इथली सव्वीस मुलं वर कोंडलीत. सकाळपासून उपाशी. मागच्या जिन्याने दोन मिनिटं लागतील. चला."

बाई तिच्याकडे बघत राहिल्या. "हे बोलल्याचं काय होईल, ठाऊक आहे ना तुम्हाला?"

"आहे. चला."

कडी काढताच आतून गरम वाफ अंगावर आली. मुलं भिंतीला टेकून बसली होती, घामाने निथळत, तोंडाशी उशा धरून. कोपऱ्यातल्या छोट्या दुन्याने उशी जरा खाली केली.

"गेले पाहुणे? आता खोकू का?"

बाई उंबऱ्यातच थांबल्या.

"बघा," ग्लाफिरा म्हणाली. तिचा आवाज चढला, तिला तो आवरेना. "नीट बघा! तुम्ही लोक लांबून येता, गाणी ऐकता, पाव खाता आणि टवटवीत चेहरे म्हणून छापता. गेल्या आठवड्यात यातली दोघं गेली, हगवणीने. औषधाचा थेंब नव्हता. आमच्यावर दया नका करू. फक्त खोटं लिहू नका. एवढं तरी जमेल का तुम्हाला?"

बाईंनी पिशवीतून वही काढली. "कुणी सांगितलं म्हणून लिहू? नाव नसेल तर कुणी खरं मानणार नाही."

ग्लाफिराने मुलांकडे पाहिलं. दुन्या खोकत होती.

"ग्लाफिरा येगोरोव्हना ओझेरोवा," ती म्हणाली. "कॅप्टन ओझेरोवची विधवा. असंच लिहा, पूर्ण."

तीन वर्षांत हे नाव तिने कुणापुढे उच्चारलं नव्हतं. बाईंनी ते लिहून घेतलं, तिचा हात एकदा घट्ट दाबला आणि त्या मान खाली घालून जिना उतरल्या.

ग्लाफिराने दार सताड उघडं ठेवलं. बादलीभर पाणी आणलं, एकेकाला पाजलं, तोंडं पुसली. आता काय व्हायचं ते होवो. कुठेतरी, कुणीतरी, खरं छापणार होतं. कित्येक महिन्यांनी तिला छातीभर श्वास घेता आला. रिकामी बादली घेऊन ती जिन्याच्या खिडकीशी आली.

खाली अंगणात पाहुणे निघायच्या तयारीत होते. तरासेविच हात चोळत उभा होता.

"मग? कसं वाटलं?"

बाईंनी हॅट काढून कपाळ पुसलं आणि त्या अस्सल पेत्रोग्रादी रशियनमध्ये म्हणाल्या, "सगळं ठीक आहे, कॉम्रेड. गाणं तेवढं लांबवा. आणि या ओझेरोवा बाईला गुरुवारच्या आत इथून उचला. खरे फ्रेंच पाहुणे तिच्यावर विश्वास ठेवतील."