मानेची पट्टी

पतंगाच्या मांजाने मान कापली तेव्हा दवाखान्याने विश्राम गुरवांच्या गळ्याला बोलणारी पट्टी बांधली होती. रोज सकाळी ती जखम तपासायची, दवाखान्याच्या आजारांच्या यादीतला जखमेचा कोड नंबर नोंदवायची आणि विचारायची, "काका, झोप लागली का? घास गिळताना दुखतं का?" घरात दुसरा आवाज म्हणून तेवढाच.

आज ती म्हणाली, "जखम भरली, काका. कोड बंद करते."

"थांब गं, अजून दुखतंय," ते घाईघाईने म्हणाले.

पट्टीने पुन्हा तपासलं. "मानेत काही नाही. घरात कोण असतं तुमच्या?"

"तूच."

पट्टीने यादी चाळली. "'एकटे राहणे' असाही कोड आहे, काका. नोंदवला."

"मग आता?"

"त्या कोडला पट्टी नसते," ती म्हणाली आणि अलगद सुटून त्यांच्या मांडीवर पडली.