तिकडची गेम

"तिकडची गेम आपल्या यंत्रात चालायची नाही," मी पुन्हा बजावलं. लेकीने पसंत केलेला केन्ता आमच्या जुन्या व्हिडिओ गेममध्ये आपली जपानी कॅसेट बसवत होता. टीव्ही काळाच राहिला. मला बरं वाटलं.

केन्ताने लेकीची हेअरपिन मागितली आणि खाचेतून अक्षतेचा दाणा काढला. बायको दर दसऱ्याला त्या यंत्राचीही पूजा करते. गेम सुरू झाली.

"आता लग्नाला काय हरकत?" बायको म्हणाली.

"आधी मला हरवून दाखवू दे."

लेकीने त्याला अट सांगितली. थोड्याच वेळात माझा गडी खड्ड्यात पडून मेला. टीव्हीवर जपानी अक्षरं चमकली.

"कोण जिंकलं?" मी विचारलं.

केन्ता पाठ केलेल्या मराठीत म्हणाला, "तुम्ही, बाबा."

इतक्या सफाईने खोटं बोलणारा माणूस संसार नक्की करील. "मुहूर्त बघ," मी बायकोला म्हणालो.